येसराचे धने

त्रिवेणीला खुर्ची आणून दिली, तिथंच दिवसाचं मातेरं झालं.

खुर्ची तशी चांगली होती. गच्चीच्या दाराशी सावलीत मांडलेली, पाठीला उशी, शेजारी स्टुलावर पाण्याचा तांब्या. आजारी माणसाची ठेवावी तेवढी बडदास्त ठेवली होती, फक्त त्रिवेणी आजारी नव्हती. चोपन्न वर्षांची धडधाकट बाई, बरकतपुऱ्यातल्या या तीन मजली घराचा जिना दिवसातून आठ वेळा चढउतार करणारी. समोर शेगडीवर लोखंडी कढई तापत होती, आणि तिनं मात्र पाहुण्यासारखं बसायचं होतं.

"तू बस गं आरामात," तिची थोरली जाऊ सुजाता म्हणाली. "कायकू परेशान होतीस? तू नुसतं सांग. आम्ही करतो की."

नुसतं सांग! गेली तीन वर्षं त्रिवेणी नुसतं सांगतच आली होती.

नांदेड-उदगीरकडून आजे-पणज्यांच्या काळात हैदराबादेत आलेल्या या घरांमध्ये लग्न सुरू होतं ते येसरापासून. गहू, हरभऱ्याची डाळ, बाजरी वेगवेगळी भाजायची. मग धने, जिरे, मिरे, दगडफूल, लवंग, सुंठ, सुकं खोबरं, मिरच्या, ज्याचा जसा नखरा तशी त्याला आच द्यायची आणि सगळं एकत्र दळून आणायचं. ही पूड पाण्यात कालवून फोडणीत सोडली की झाली लग्नाची आमटी. पंगतीत पनीरचे पाच प्रकार असोत नाहीतर बिर्याणीच्या देगा असोत, येसराची आमटी नसली की म्हातारी माणसं हात धुताना विचारतात, "लग्न कुठं झालं म्हणायचं मग?"

आणि या येसराला हात लागायचा तो सवाष्णींचा. पाच जणींनी भाजायचं, पाच जणींनी उखळात मुसळाचे पहिले घाव घालायचे, उरलेलं मग गिरणीत गेलं तरी चालतं. तिचे यजमान एकनाथराव होते तोवर या पाच जणींत त्रिवेणीचं नाव सगळ्यांत आधी घेतलं जायचं. काचीगुड्यापासून कोठीपर्यंत कुणाकडे लग्न निघालं की पत्रिका छापायच्या आधी त्रिवेणीला फोन. माप तिच्याकडेच होतं. सासूकडून आलेलं, कुठं लिहिलेलं नाही, सगळं बोटांत आणि नाकात. तीन वर्षांपूर्वी एकनाथराव हृदयविकारानं गेले. फोन यायचे थांबले नाहीत, कारण माप दुसऱ्या कुणाला येत नव्हतं. फरक एवढाच पडला, की पाटाच्या जागी खुर्ची आली आणि ती शेगडीपासून दहा पावलं लांब सरकली. कुणी कधी वावगा शब्द काढला नाही. "आम्ही नाही हो मानत असलं काही," असं म्हणणाऱ्या बायकाच सगळ्यांत आधी खुर्ची आणून ठेवायच्या.

लोकांच्या लग्नात तिनं ते गिळलं. आता हे लग्न तिच्या एकुलत्या लेकीचं होतं.

दोन महिन्यांपूर्वी कोठीत साड्यांची खरेदी करून रिक्षात बसताना प्रणिता आपणहून म्हणाली होती, "आई, माझं येसर तूच करायचं. सवाष्णी-बिवाष्णी काही नाही. कोण काय बोलतं ते मी बघते." त्रिवेणीनं वर "बरं बरं, बघू," म्हटलं, पण त्या एका वाक्यावर ती दोन महिने जगली. बेगम बाजारात पाच दुकानं पालथी घातली, धना दाताखाली फोडून पाहिला, दगडफूल हातात चुरगाळून हुंगलं, मिरच्यांवरून दुकानदाराशी हुज्जत घातली. तिच्या खरेदीला कुणाची हरकत नव्हती. पोत्यातल्या धन्याला बाधत नाही आणि कढईतल्या धन्याला बाधतं, हे शास्त्र कुणी काढलं देव जाणे.

आज सकाळी तिनं पदर खोचून उलथनं हातात घेतलं, तेव्हा सुजातानं ते हसत हसतच काढून घेतलं. तान्ह्या पोराच्या हातातून कात्री काढून घ्यावी तसं. त्रिवेणीनं वळून प्रणिताकडे पाहिलं. आता ही बोलेल. हिनं शब्द दिलाय.

प्रणितानं तिला दाराआड नेलं. "आई, प्लीज. आज नको ना. काका-काकू माझं कन्यादान करणारेत. चिन्मयचे आईबाबा येऊन बसलेत खाली. सीन नको. अर्ध्या दिवसाचा तर प्रश्न आहे, ॲडजस्ट कर ना थोडं."

"तू म्हणाली होतीस," त्रिवेणी म्हणाली.

"हो, म्हणाले होते. तेव्हा मला माहीत नव्हतं ना इतकं कॉम्प्लिकेटेड होईल ते."

आणि ती गेली. सुजाताचा राग जुना होता, त्याला आता घट्टे पडले होते. पण पोटच्या पोरीनं असं अंगाला तेल लावून निसटावं, हे त्रिवेणीच्या फार जिव्हारी लागलं. रडू आलं असतं तर बरं झालं असतं. रडू येईना, नुसता संताप येत राहिला, आणि संतापाला बसायला जागा एकच, ती उशीची खुर्ची.

तेवढ्यात व्याही वर आले. किशोरराव पुण्याचे, सॉफ्टवेअरमध्ये मोठ्या हुद्द्यावर. दोन वर्षं लंडनला राहून आलेले, आणि ते दर पाव तासाला सांगणारे. विहीणबाई अनुराधा पाच सवाष्णींत जाऊन बसल्या, त्यामुळे किशोररावांना ऐकायला माणूस हवं होतं. त्यांनी दुसरी खुर्ची ओढून त्रिवेणीशेजारी ठेवली.

"काल आम्ही कोठीची ब्रिटिश रेसिडेन्सी पाहून आलो," ते म्हणाले. "काय इमारत आहे हो! आणि हे तुमचं येसर म्हणजे तुमच्याकडची करी पावडरच म्हणायची, नाही का?"

"नाही," त्रिवेणी म्हणाली. "करी पावडर वेगळी."

"म्हणजे तत्त्व तेच हो. मिश्र मसाला, तयार करून ठेवायचा, लागेल तेव्हा वापरायचा." किशोरराव खुर्चीत सरसावून बसले. "करी पावडरचा इतिहास फार मजेदार आहे, बरं का. आपल्याकडे कुणीच असा एक मसाला सगळ्याला वापरत नव्हतं. माशाला वेगळा, वांग्याला वेगळा. आणि हे साहेब लोक इथं यायचे, दहा-वीस वर्षं इथल्या आचाऱ्याच्या हातचं खायचे, आणि परत जायची वेळ आली की पंचाईत! आचारी काही बोटीतून नेता येत नाही. मग काय केलं? आचाऱ्याला विचारून घेतलं, काय काय घालतोस, किती घालतोस. ते सगळं कुटून डब्यात भरलं. अठराव्या शतकाच्या शेवटी तर लंडनच्या वर्तमानपत्रात त्याची जाहिरात आली होती. तिथून ती भुकटी इंग्रजी आरमाराबरोबर जपानपर्यंत गेली! आहे की नाही गंमत?"

"आणि आचारी?" त्रिवेणीनं विचारलं.

"कोण आचारी?"

"ज्याला विचारून घेतलं तो."

"तो राहिला की इथंच," किशोरराव हसले. "त्याची काय गरज उरली? माप कळलं होतं ना!"

समोर शेगडीभोवती पाच जणी बसल्या होत्या, अधूनमधून एकजण मान वळवून विचारत होती, "बाजरी किती वेळ, ताई?" "मिरे आत्ता का जिऱ्यासंगं?" आणि ती सांगत होती. बाजरी फुटायला लागेतो. मिरे नंतर. खोबरं मंद आचेवर. आपलीही भुकटी करून डबाबंद करायला बसलेत हे, तिच्या मनात आलं. माप पाहिजे, बाई नको. साहेबानं निदान समुद्र ओलांडायचा होता म्हणून तसं केलं. यांना तर गच्चीवर दहा पावलं चालून यायचं होतं.

किशोरराव आता हळदीच्या भेसळीकडे वळले होते. त्यांच्या "बरं का" आणि "गंमत अशी" यांमधून वाट काढत त्रिवेणी नाकानं कढईकडे लक्ष ठेवून होती. ते न ठेवणं तिला जमणारंच नव्हतं, झोपेत श्वास चालावा तसं ते चालू असायचं.

धन्याचा पहिला घाणा नीट उतरला. दुसरा पडला. अर्धा किलो धने लोखंडी कढईत, सुजाता हलवत होती. धने फसवतात ते इथंच. त्यांना वास सुटला की गॅस बंद केला एवढ्यानं भागत नाही. लोखंडाची कढई आपल्या अंगच्या उष्णतेवर त्यांना भाजतच राहते. वास सुटला की त्याच घडीला परातीत ओतायचे. म्हणून दर लग्नात, पाटावर असो की खुर्चीवर, त्रिवेणी मोठ्यानं ओरडायची, "ओता!" बायका त्यावरून तिची थट्टाही करायच्या.

वास सुटला. सुजातानं गॅस बंद केला.

"काकू, थांबा थांबा," प्रणिता फोन घेऊन पुढे आली. "असंच हलवत राहा. सासूबाई, तुम्ही पण हात लावा ना. सगळ्यांचे हात एकत्र, फार छान दिसतंय!"

पाच हात उलथन्यावर आले. एकीच्या बांगड्या दिसत नव्हत्या म्हणून फोटो पुन्हा घेतला. मग उभा घेतला, मग आडवा. शेजारच्या शेगडीवर मिरच्या भाजत होत्या, त्यांच्या खाटानं अर्ध्या जणी खोकत होत्या, हसत होत्या, नाकाला पदर लावत होत्या. धन्याचा गोडसर वास जाऊन त्यात एक तुरट धार आली. मग ती धार जाडी झाली. त्रिवेणीच्या जिभेवर शब्द आला.

तिनं तो गिळला.

एवढंच केलं तिनं. कुणाला ढकललं नाही, कशात काही टाकलं नाही. तांब्यातलं पाणी भांड्यात ओतलं, प्यायली, आणि किशोररावांना म्हणाली, "हं, मग हळदीचं काय म्हणत होतात?" पोटात एक थंडगार समाधान पसरलं. घ्या माप, तिनं मनाशी म्हटलं. घ्या, किती हवं तेवढं घ्या.

फोटो झाले आणि धने परातीत पडले तेव्हा ते काळपट झाले होते. पण परातीत आधीच दगडफूल होतं, भाजलेलं खोबरं होतं, मिरच्या होत्या. त्या काळ्यात हे काळं कुणाच्या डोळ्यांत आलं नाही. उखळाला आंब्याची डहाळी बांधली, पाच जणींनी घाव घातले, टाळ्या झाल्या. सुजाताचे यजमान हिम्मतराव सगळा ऐवज गाडीत घालून काचीगुड्याच्या गिरणीवर गेले आणि तासाभरात सहा किलो येसर गरम गरम घेऊन आले.

ते समाधान काही तेवढा तासभरही टिकलं नाही. डब्याचं झाकण उघडलं आणि त्रिवेणीला दारातूनच कळलं. अर्धा किलो करपलेल्या धन्यांनी साडेपाच किलोंची माती केली होती. आपण सुजाताच्या ताटात माती कालवली असं तिला वाटलं होतं. पण ही आमटी वाढली जाणार होती प्रणिताच्या पानात. तिच्या सासरच्या दीडशे माणसांच्या पानांत.

रीतीप्रमाणे त्याच दुपारी नव्या येसराची थोडी आमटी केली, देवापुढे वाटी ठेवली आणि व्याह्यांना चव द्यायला बोलावलं. किशोररावांनी डोळे मिटून घोट घेतला. त्रिवेणी भिंतीला टेकून उभी होती. आता हे थुंकतील, तिला वाटलं.

"वा!" किशोरराव म्हणाले. "काय खोली आहे चवीला! हा जो धुरकटपणा आहे ना, थोडासा कडवट, हाच खरा जुना हैदराबादी बाज. हा त्या करी पावडरला कुठून येणार?"

सुजाता खुलली. "आमच्याकडची पद्धतच आहे ती," ती म्हणाली.

त्रिवेणीला कपाळ बडवून घ्यावंसं वाटलं. तीस वर्षं तिनं धने न करपू देण्यात घालवली होती, आणि कौतुक व्हायचं ते आज.

प्रणितानं वाटी उचलली. एक घोट घेतला आणि थांबली. पुन्हा घेतला. ही आमटी ती जन्मल्यापासून प्यायली होती. तिनं वाटी खाली ठेवली.

"आई, धने करपलेत."

"काहीतरीच काय," सुजाता म्हणाली, पण तिनंही बोटानं चाटून पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. मग ती अनुराधाबाईंकडे वळली. आवाज तिनं खाली घेतला होता, पण खोली लहान होती. "तरी मी यांना म्हणत होते, तिला समोर बसवू नका. मापाला बोलवा, पण आतल्या खोलीतून सांगू द्या. शुभकार्यात नजर पडली की असं होतंय बघा. उगंच नाही जुनी माणसं सांगून गेली."

तीन वर्षं जे कुणी बोललं नव्हतं, ते बोलून झालं होतं.

त्रिवेणीला पुढचं सगळं दिसलं. लग्नापर्यंत ही गोष्ट काचीगुड्यात पोचणार, तिथून कोठीला, तिथून उदगीरला. त्रिवेणीनं नुसतं पाहिलं आणि लेकीच्या येसरातले धने काळे पडले. उद्या कुणाच्या लग्नात खुर्चीसुद्धा मिळणार नाही. प्रणिताला दिवस गेले की ओटी भरताना हीच गोष्ट निघणार. आणि हे सगळं गप्प राहिलं की आपोआप होणार होतं, तिला काही करावंच लागणार नव्हतं. अपशकुनी बाईची कीव करतात लोक. तिला दोष देत नाहीत. तोंड उघडलं तर मात्र कीवही मिळणार नव्हती.

"अक्का, नजर-बिजर काही नाही," ती सुजाताला म्हणाली. आवाज तिला वाटला त्याहून मोठा निघाला. "गॅस बंद केल्यावर धने कढईत करपत होते. मला वास येत होता. 'ओता' म्हणायचं होतं, मी म्हटलं नाही. मुद्दाम म्हटलं नाही."

किशोररावांची वाटी तोंडापाशीच थांबली.

"मुद्दाम?" प्रणिता म्हणाली. "माझ्या लग्नाचं येसर? आई?"

"हो, तुझ्या लग्नाचं."

"का पण?"

"मला राग आला होता. अक्काचा नाही. तिचा काय, रोजचाच आहे. तुझा आला होता."

प्रणिताचे डोळे भरून आले आणि चेहरा लालबुंद झाला. ती लहानपणी रागावली की अशीच दिसायची. "मला तुझ्याशी एक शब्द बोलायचा नाहीये," ती म्हणाली. वाटी उचलून मोरीकडे गेली, आमटी ओतून दिली, नळ सोडून वाटी घासली, आणि घासत राहिली. बाहेर सगळे तो नळ ऐकत होते. सुजातानं एकदा "काय बाई आहे ही," असं पुटपुटून पाहिलं, पण अनुराधाबाईंनी त्याला हुंकार दिला नाही.

नळ बंद झाला. प्रणिता हात पुसत आली आणि दारातच उभी राहिली.

"बेगम बाजार किती वाजता उघडतो?" तिनं भिंतीला विचारावं तसं विचारलं.

"दहाला," त्रिवेणी म्हणाली.

"धने किती लागतील?"

"नुसत्या धन्यांनी नाही भागायचं. यातलं काहीच आता वेगळं काढता येत नाही. सगळं पुन्हा लागेल."

"मग सगळं पुन्हा आणू."

"अगं, काय बोलायलीस?" सुजाता उठूनच उभी राहिली. "मुहूर्त कुठला आता? पाच जणींना पुन्हा कुठून गोळा करायचं? आणि भाजणार कोण?"

"जिला वास येतो ती," प्रणिता म्हणाली. आईकडे तिनं अजूनही पाहिलं नव्हतं.